कोरी उजवी पानं

थंडी पडली की दोंडाईच्याकडून लाल मिरचीचे ट्रक धुळ्यावरून जायला लागतात. आमचं घर हमरस्त्याला लागून आहे. ट्रक दिसायच्या आधी नाकाला कळतं. ताडपत्रीच्या फटीतून एक गोडसर, ओलसर, घशात जाऊन बसणारा वास येतो आणि त्या दिवसापासून पुढचे दोन महिने मी घरात कुणाशी धड बोलत नाही. भाचेसून म्हणते, "मावशी, तुम्हाला मिरची सोसत नाही, डॉक्टरांना दाखवू या." मी दाखवलं नाही. डॉक्टरांना सांगणार काय? पन्नासेक वर्षांपूर्वीच्या एका हिवाळ्यात मी एका माणसाचं लिखाण बिघडवलं, त्याचा राग अजून गेलेला नाही आणि तो नक्की कुणावर काढावा हेही ठरत नाही, हे सांगू?

सत्तरच्या आसपासचा तो हिवाळा. मी मूळची साताऱ्याकडची, कृष्णाकाठची. दोंडाईच्याच्या मुलींच्या शाळेत मराठी शिकवायला आले तेव्हा चोवीस वर्षांची होते, एकटी होते, आणि आपल्याला मराठी येतं अशी माझी पक्की समजूत होती. पहिल्याच आठवड्यात एका मुलीला विचारलं, "घरचा अभ्यास कुठाय गं?" ती म्हणाली, "बाई, बठ्ठा घर शे." मला वाटलं, बठ्ठा नावाचा कुणी भाऊ घरी आहे. वर्ग हसून हसून लोळला. तिकडच्या बोलीत बठ्ठा म्हणजे सगळा. सगळा अभ्यास घरी राहिला होता. त्या दिवशी संध्याकाळी मी खोलीवर येऊन रडले होते, इतकी मी तेव्हा हळवी होते आणि इतकी मूर्ख.

खोली एका मारवाडी जैन कुटुंबाच्या घरात माडीवर होती. खाली मिरचीची पेढी. म्हातारे शेठजी गादीवर बसत. दिवाळीनंतर त्यांना अर्धांगाचा झटका आला आणि मुंबईहून त्यांचा थोरला मुलगा परत आला. तेच कांतीभाऊ. त्यांची बायको सुशीलाभाभी आणि मुलगी इतके दिवस इथेच असत. मुलगी माझ्या वर्गात होती. गाव त्यांना 'पिक्चरवाले कांतीभाऊ' म्हणे. त्यात कौतुक थोडं आणि खवचटपणा जास्त होता, कारण एकाही पिक्चरमध्ये त्यांचं नाव कुणी पाहिलेलं नव्हतं.

नाव नसण्याचं कारण साधं होतं. विसाव्या वर्षी मामाच्या कापड दुकानात काम करायला म्हणून ते मुंबईला गेले. दुकान एका स्टुडिओजवळ होतं. तिथे संवादांच्या प्रती उतरवायला माणूस हवा होता, हे जाऊन बसले. अक्षर भयंकर होतं, पण उतरवता उतरवता ते प्रसंग सुधारून ठेवत. एका नावाजलेल्या लेखकाच्या ते लक्षात आलं. त्यानं यांना हाकललं नाही, ठेवून घेतलं. पुढे सात चित्रपट कांतीभाऊंनी लिहिले आणि सातही त्या लेखकाच्या नावावर लागले. पैसे बुडवले नाहीत, अपमान केला नाही. फक्त नाव दिलं नाही. कांतीभाऊ हे सांगताना आवाज चढवत नसत, आणि मला त्याचीच चीड यायची. म्हणजे तेव्हाही मी दुसऱ्याच्या वाटणीचं रागवायला तयारच होते.

एका रविवारी ते माडीच्या पायऱ्यांवर उभे राहून म्हणाले, "बाई, मुलगी सांगते तुमचं अक्षर मोत्यासारखं आहे. मी एक चित्र लिहितोय. माझं स्वतःचं. माझं लिहिलेलं मलाच दुसऱ्या दिवशी वाचता येत नाही. उतरवून द्याल का?"

मी हो म्हटलं. नाही म्हणण्यासारखं माझ्या आयुष्यात तेव्हा काहीच घडत नव्हतं.

त्यांची पद्धत अशी. शाळेची दोनशे पानी वही घ्यायची. डाव्या पानावर जे दिसतं ते. उजव्या पानावर जे ऐकू येतं ते, म्हणजे बोलणं, आवाज, गाणं. मी भाभींच्या स्वयंपाकघराबाहेरच्या ओसरीवर बसून उतरवत असे. आतून फोडणीचा वास, समोर उन्हात वाळत घातलेले पापड, आणि भाभी मधूनमधून डोकावून विचारायच्या, "बाई, कितना हुआ? त्या बाईचं पुढे काय झालं?" चार दिवसांत मला तो प्रकार विचित्र वाटायला लागला. डावी पानं भरून वाहत होती आणि उजवी कोरी राहत होती. कधी नुसतं 'बैलाच्या गळ्यातली घंटा'. कधी 'कोणी खोकतं'. पाच-सहा पानांनंतर एखादं वाक्य, तेही 'पाणी दे' एवढंच. मी मास्तरीण. कोरं पान दिसलं की मला मुलीनं अभ्यास केलेला नाही असंच वाटतं.

"भाऊ, इथं काहीतरी राहिलंय," मी म्हटलं.

"नाही, राहिलं नाही."

"पण तिला वाईट वाटतंय की नाही? मग ती बोलत का नाही?"

"तिच्या हातात काम आहे ना," ते म्हणाले, जणू त्यात सगळं आलं. मग मला म्हणाले, "उद्या पथारीवर चला."

पथारी म्हणजे मिरची वाळवायची जागा. गावाबाहेर मैदानच्या मैदान लाल. ओली मिरची पसरायची, उलटीपालटी करायची, वाळली की बायकांनी ओळीनं बसून देठ खुडायचे. लांबून पाहिलं की वाटतं कुणीतरी शेताला कुंकू फासलंय. जवळ गेलं की असलं काही वाटणंच बंद होतं, कारण डोळेच उघडत नाहीत. शंभरेक बायका नाकाला पदर बांधून बसलेल्या. हाताची आग होऊ नये म्हणून प्रत्येकीजवळ वाटीत गोडं तेल. मी पोचले आणि दहा शिंका दिल्या. बायका हसल्या. एक वयस्क बाई म्हणाली, "डोयाले हात नको लावू बाई. रडी ले. रडनं बरं ऱ्हास."

त्या जिजाअक्का. त्या पथारीवरच्या सगळ्या बायका त्यांचं ऐकत. आणि कांतीभाऊंच्या वहीतली बाई म्हणजे त्याच होत्या, हे मला तिथे कळलं.

झालं होतं असं. काही वर्षांपूर्वी असाच हंगाम होता. जिजाअक्कांची एकुलती मुलगी तापीपलीकडे दिलेली. सकाळी पथारीच्या कडेला मुलीच्या सासरचा एक माणूस येऊन उभा राहिला आणि त्यानं डोक्यावरची टोपी काढली. बोलला काहीच नाही. जिजाअक्कांनी पाहिलं. कळायचं ते कळलं. बाळंतपणात गेली होती. माती आदल्याच दिवशी झाली होती. धावत जाऊन बघण्यासारखं काही उरलं नव्हतं. त्या पुन्हा खाली बसल्या आणि दिवस मावळेपर्यंत देठ खुडत राहिल्या. डोळ्यांतून पाणी वाहत होतं. तसं ते सगळ्यांच्याच डोळ्यांतून वाहत होतं. शेजारच्या बाईला दुपारनंतर काहीतरी कळलं असावं. तिनं आपली तेलाची वाटी न बोलता जिजाअक्कांकडे सरकवली. बस, एवढंच.

"मिरचीमा रडनं बरं," जिजाअक्का मला म्हणाल्या. "कोनी इचारत नही."

कांतीभाऊंनी माझ्यासमोर त्यांना पुन्हा विचारलं, "अक्का, लिहू ना मी?"

"लिख ना भाऊ. पन मनं नाव नको टाकू. आन् माले बोलाले नको लावू. मी त्या दिन काहीच बोलनू नही."

हे मी माझ्या कानांनी ऐकलं आहे. मला नंतर कुणी सांगितलेलं नाही, अर्धवट कळलेलं नाही. मी तिथे उभी होते.

त्या दिवसानंतर मला ती वही वाचता यायला लागली. डाव्या पानावर लिहिलेलं असे: 'तिचे हात. डावा हात मिरची धरतो, उजवा देठ ओढतो. हात थांबतात. पुन्हा चालू होतात.' मी ते उतरवताना माझा हातही थांबायचा. चित्रपट असाही लिहिता येतो हे मला माहीत नव्हतं. मी पाहिलेल्या चित्रपटांत माणसं सुखात गायची आणि दुःखात भाषण करायची. कांतीभाऊंच्या माणसांना तेवढा वेळच नसे. ती चूल पेटवत, बाज विणत, गाडीला वंगण घालत, आणि जे व्हायचं ते त्यात होऊन जाई. जिथे बोलत तिथे पथारीवरच्यासारखं बोलत, शे आणि बठ्ठा आणि माले-तुले. संक्रांतीपर्यंत तीन वह्या झाल्या. मी शेवटचं पान उतरवलं त्या दिवशी त्यांनी आपले कच्चे कागद बंबात घातले. अंघोळीचं पाणी तापलं. ते कागद कुणालाच वाचता आले नसते, खुद्द त्यांनाही नाही. तरी आज वाटतं, बंबात हात घालून काढायला हवे होते.

अण्णासाहेब नावाचे एक निर्माते त्यांच्या मुंबईच्या ओळखीचे होते. ते जळगावला येणार होते, कारण त्यांच्या चित्रपटात यावलचा एक केळीचा बागायतदार भागीदार व्हायला तयार होता. कथा ऐकवायला बोलावणं आलं. कांतीभाऊंना मोठ्यानं वाचता येत नसे, पुटपुटायचे. म्हणून वाचायला मी, आणि सोबत भाभी. पॅसेंजरनं निघालो. नरडाण्याला चहा घेतला. भाभींनी थेपले बांधून आणले होते. त्यांच्या चेहऱ्यावर लग्नाला निघाल्यासारखा उजेड होता. "चौदा वर्षांत मला यांनी कधी कामाच्या जागी नेलं नव्हतं," त्या म्हणाल्या.

जळगावच्या स्टेशनजवळच्या एका लॉजमध्ये अण्णासाहेब पलंगावर मांडी घालून बसले होते. गोरे, गोलमटोल, फार प्रेमळ बोलणारे. वाईट माणूस असता तर किती सोपं झालं असतं. मी वाचायला सुरुवात केली. ते डोळे मिटून ऐकत होते आणि दर दोन मिनिटांनी म्हणत होते, "बरं. मग ती काय म्हणते?"

"काही म्हणत नाही," मी सांगायची.

"बरं. पुढं?"

टोपी काढण्याचा प्रसंग मी वाचला. अण्णासाहेबांनी डोळे उघडले आणि वही मागितली. पानं उलटली. "भाऊ, ही उजवी पानं कोरी कशी?"

"तिथे काही ऐकू येत नाही," कांतीभाऊ म्हणाले.

"अहो, पण पब्लिकला कळायचं कसं? सगळ्याच रडतायत. मिरचीनं रडतेय की मुलीसाठी?"

"तेच तर आहे."

"तेच तर नको!" अण्णासाहेब हसले. मग त्यांनी समजावून सांगितलं, अगदी लहान मुलाला सांगावं तसं. एक, मिरचीत कॅमेरा ठेवणं शक्य नाही, नटीचे डोळे जातील. बागायतदारांची यावलला केळीची बाग आहे, हिरवीगार, गाण्याला छान. तेव्हा बाई केळीच्या बागेत काम करेल. दोन, ही भाषा पुण्या-कोल्हापूरला कळणार नाही. पडद्यावर कुणी शे म्हटलं की लोक हसतील. गावाकडची भाषा म्हणजे गावाकडची हवी. तीन, केळीच्या बागेत कुणाच्या डोळ्यांत उगाच पाणी येत नाही. ती रडली तर कारण सांगावं लागेल. म्हणजे संवाद आला.

मला आठवतं, त्या तिसऱ्या मुद्द्यावर मला क्षणभर पटलंसुद्धा. खरंच, केळीच्या बागेत रडायला कारण लागतं.

"तुम्ही फार सोसलंत भाऊ," अण्णासाहेब म्हणाले. "सात चित्रं दुसऱ्याच्या नावावर. सगळ्या लाइनीला माहीत आहे. या वेळी पडद्यावर तुमचं नाव एकट्याचं येईल, मोठ्या अक्षरात. माझा शब्द."

कांतीभाऊ खिडकीबाहेर बघत होते. "ती पानं मी भरणार नाही," ते म्हणाले.

अण्णासाहेब माझ्याकडे वळले. "बाई, तुम्ही मूळच्या कुठल्या?"

"साताऱ्याकडची."

"मग झालंच की! संवाद तुम्हीच लिहा." त्यांनी मांडीवर थाप मारली.

परतीच्या गाडीत कांतीभाऊ दाराशी जाऊन उभे राहिले. भाभी माझ्या शेजारी सरकल्या. डोळे पुसत नव्हत्या, पण आवाज भिजलेला होता. "बाई, आपण लिहून द्या. मी त्यांना समजावीन. एकदा यांचं नाव पडद्यावर येऊ दे. सासरे रोज विचारतात, बारा-पंधरा वर्षं मुंबईत काय केलं म्हणून. ते आहेत तोवर त्यांना दिसू दे. मग मला काही नको."

घरी आल्यावर तिसऱ्या दिवशी मी धीर करून कांतीभाऊंना विचारलं. ते पेढीवर मिरचीचा नमुना हातात घेऊन दाबून बघत होते.

"तुम्हाला लिहायचं असेल तर लिहा," ते म्हणाले. "मी वाचणार नाही."

मी पहिलं वाक्य ऐकलं आणि दुसरं सोडून दिलं. आयुष्यभर मुलींच्या वह्यांत मी लाल शाईनं लिहीत आले: 'प्रश्न पूर्ण वाचा'.

पंधरा दिवसांत मी उजवी पानं भरली. वेगळी प्रत करायला हवी होती हे तेव्हा सुचलंच नाही. त्याच वह्यांत लिहीत गेले, माझ्या मोत्यासारख्या अक्षरात. आणि एक गोष्ट कबूल करते, कारण तीच सगळ्यात जास्त बोचते: मला मजा आली. मी खोलीत उभी राहून संवाद म्हणून बघत होते. आमच्या घरी कृष्णाकाठी कुणी तसं बोलत नव्हतं. माझी आई मेली तेव्हा आजी चार दिवस फक्त दळण दळत होती. पण मी जे लिहीत होते ती खेड्याची भाषा नव्हतीच, चित्रपटातल्या खेड्याची होती, आणि ती मला झरझर येत होती. टोपी काढण्याच्या प्रसंगापुढे मी पावणेदोन पानांचं बोलणं लिहिलं. त्यातलं एक वाक्य तर मला फारच आवडलं होतं: 'केळीचा घड तोडावा तसं माजं लेकरू तोडून न्हेलंस रं देवा!' हे लिहून झाल्यावर मी खाली जाऊन भाभींना म्हणून दाखवलं. त्या पोळपाट सोडून रडल्या. मला वाटलं, जमलं.

वह्या रजिस्टर पोस्टानं मुंबईला गेल्या. अण्णासाहेबांचं उत्तर आलं: फार उत्तम, फार उत्तम.

पुढच्या थंडीत चित्रीकरण झालं. एका रविवारी भाभी आणि मी यावलला गेलो. बाग खरोखरच सुंदर होती. पाटाचं पाणी, पानांच्या कमानी, सावलीला थंड मातीचा वास. नटी तरुण होती आणि मनापासून काम करत होती. तिच्या डोळ्यांत ग्लिसरीनचे थेंब घातले, मग ती माझं वाक्य बोलली. दिग्दर्शक म्हणाला, "पुन्हा." तिनं पुन्हा थेंब घातले, पुन्हा बोलली. बागेतले मजूर काम सोडून बघत उभे होते. त्यांच्यातला एक म्हातारा दुसऱ्याला विचारत होता, "हाई कोनतं गावनी शे?" मी ऐकलं आणि दुसरीकडे पाहिलं. कांतीभाऊ आले नव्हते. त्या वेळी दोंडाईच्यात मिरचीची आवक जोरात होती. त्यांना वेळ नव्हता असं आम्ही दोघी एकमेकींना सांगत होतो.

चित्रपट धुळ्यात लागला तेव्हा भाभींनी जीप ठरवली. शेठजींना उचलून आणलं. कांतीभाऊ आले, कारण वडिलांना धरायला कुणीतरी हवं होतं. मी जिजाअक्कांना सोबत घेतलं होतं. का घेतलं? मला तेव्हा खरंच वाटत होतं की त्यांना आनंद होईल.

दिवे गेले. नावं सुरू झाली. आणि शब्द दिल्याप्रमाणे पडदाभर एकच नाव आलं: कथा, पटकथा, संवाद, आणि खाली कांतीभाऊंचं पूर्ण नाव, वडिलांच्या नावासकट. भाभींनी माझा हात इतका घट्ट धरला की बांगडी रुतली. शेठजींना मोतीबिंदू होता. भाभींनी पदर सावरून त्यांच्या कानाशी नाव वाचून दाखवलं. म्हाताऱ्यानं ऐकून घेतलं आणि विचारलं, "दुकान पर कुण बैठ्यो है?"

कांतीभाऊ हसले. त्या संपूर्ण दिवसात ते तेवढंच हसले.

पावणेदोन पानांचा तो प्रसंग आला. थिएटर चिडीचूप झालं. केळीच्या घडाचं वाक्य आलं आणि टाळ्या पडल्या. बायकांच्या बाजूनं हुंदके. मला काय वाटलं ते लिहायची लाज वाटते, पण त्या क्षणी मला अभिमान वाटला. तेवढ्यात जिजाअक्का माझ्याकडे वाकल्या.

"बाई, हाई बाई इतली काब्र बोली ऱ्हायनी?"

मी म्हटलं, "अक्का, तिची मुलगी गेलीय ना, म्हणून बोलतेय एवढी."

त्यांनी पुन्हा पडद्याकडे पाहिलं. बराच वेळ पाहिलं. मग अगदी साध्या आवाजात, भाजीवालीनं भाव सांगावा तसं त्या म्हणाल्या, "नही. इना घर कोनी मरेल नही."

हिच्या घरी कुणी मेलेलंच नाही. पुढचा चित्रपट मी पाहिला की नाही, मला आठवत नाही.

तो बरा चालला. धुळ्यात टांगेवाले ते वाक्य म्हणत. आमच्या शाळेच्या स्नेहसंमेलनात एका मुलीनं ते करून दाखवलं आणि तिला बक्षीस द्यायला मलाच बोलावलं. कांतीभाऊंकडे मुंबईहून पत्रं यायला लागली. ज्या पत्रांची त्यांनी चौदा वर्षं वाट पाहिली तीच ही पत्रं: आमच्यासाठी लिहा, तुमच्या संवादांत जादू आहे, असेच संवाद हवेत. भाभी प्रत्येक पत्र देवापुढे ठेवत. नाव नव्हतं तेव्हा लिहिलेलं सगळं त्यांचं होतं. आता नाव होतं आणि त्याखालचं काही त्यांचं नव्हतं. हे मला दिसत होतं, पण मला वाटलं, माणूस निदान एवढा तरी व्यवहार बघेल. एक काम घेईल, पाय रोवेल, मग हवं ते लिहील. मी मनाशी त्यांच्या वतीनं हिशोब करत बसले होते.

मग एक दिवस शाळेच्या पत्त्यावर माझ्या नावाचं पाकीट आलं. मुंबईच्या एका कंपनीचं. 'आपणच ते संवाद लिहिल्याचं आम्हाला कळलं आहे. आमच्या पुढील चित्रासाठी…'

मी शाळा सुटायची वाट न बघता पेढीवर गेले. कांतीभाऊ एकटेच होते.

"तुम्ही कळवलंत?"

"हो. सगळ्यांना एकेक कार्ड टाकलं."

"काय लिहिलंत?"

"की संवाद माझे नाहीत, आमच्या इथल्या शाळेतल्या बाईंचे आहेत. आणि तुमचा पत्ता."

"पण का? आता तुम्हाला कोण बोलावणार?"

"बाई," ते म्हणाले, "ते तुमचं होतं."

त्यात टोमणा असता तर मी भांडले असते. मी चेहरा निरखून पाहिला, तिथे टोमणा नव्हता. ज्याचं नाव सात वेळा कुणी सांगितलं नाही, त्या माणसानं माझं नाव न मागता सांगितलं होतं, आणि ते करताना स्वतःला मिळालेलं एकमेव नाव पुसून टाकलं होतं. मी पेढीवर उभी राहून रडले, आणि पोत्यांतल्या मिरचीमुळे ते कुणाला विचित्र वाटलं नाही. मी वह्या परत मागवू म्हटलं, डावी पानं तरी हाताशी राहतील. त्यांनी नकारार्थी मान हलवली. तरी मी अण्णासाहेबांना तीन पत्रं लिहिली. तिसऱ्याचं उत्तर आलं: गोदाम बदललं, त्यात वह्या गहाळ झाल्या, क्षमस्व. आल्या असत्या तरी काय उपयोग होता? त्या दोन्ही बाजूंनी भरलेल्या होत्या.

मुंबईच्या कंपनीला मी उत्तर दिलं नाही. हा काही त्याग नव्हता. मला दुसरं काही सुचतच नव्हतं, एवढंच.

शेठजी त्याच वर्षी गेले. कांतीभाऊंनी पेढी चांगली चालवली. मालाची पारख त्यांना वडिलांपेक्षा जास्त होती असं लोक म्हणत. पुढे त्यांनी काही लिहिलं का, हे मी भाभींना दोनदा पत्रातून विचारलं. एकदा त्यांनी उत्तरात मुलीच्या लग्नाची पत्रिका पाठवली. दुसऱ्यांदा, बऱ्याच वर्षांनी, ते गेल्याचं कळवलं, आणि शेवटी एक ओळ होती: 'आपली आठवण काढत असत.' काय आठवण काढत, कशी, कशाबद्दल, काही नाही. मी ती ओळ उलटी धरून वाचायचीच तेवढी बाकी ठेवली आहे.

माझी धुळ्याला बदली झाली ती चित्रपट लागल्यानंतरच्या उन्हाळ्यात. मीच मागून घेतली होती. भाभींनी चिवड्याचा डबा दिला, ओटी भरली. कांतीभाऊ एस.टी. स्टँडवर सोडायला आले. माझी ट्रंक त्यांनी स्वतः टपावर चढवली, दोरी ओढून पाहिली. ऊन कडक होतं. बस भरत होती. मी खिडकीशी बसले आणि ते खाली उभे राहिले. मला वाटत होतं, आता तरी हा माणूस काहीतरी बोलेल. चिडेल. निदान म्हणेल की जाऊ द्या बाई, झालं ते झालं. मी ते ऐकायला इतकी आसुसलेली होते की कंडक्टरनं दोनदा तिकीट विचारलं तरी मला कळलं नाही.

त्यांनी खिडकीच्या गजाला हात लावला.

"बाई," ते म्हणाले, "धुळ्याला नळाला पाणी एक दिवसाआड येतं. मोठं पिंप घ्या."

मी म्हटलं, "घेईन."

"पत्र्याचं नको. गंजतं."

"बरं."

बस सुटली. वळणापर्यंत मी मागे बघत होते. ते तिथेच उभे होते, डोळ्यांवर हात धरून, आणि दुसरं काही म्हणाले असतील तर ते माझ्यापर्यंत पोचलं नाही.

धुळ्याला उतरले. सामान खोलीवर टाकलं आणि अंगावरची धूळसुद्धा न झटकता बाजारात गेले. पितळेचं घेतलं, दोन माणसांना उचलावं लागेल एवढं. दुकानदार म्हणाला, "बाई, एकट्या माणसाला एवढं काय करायचंय?"

मी पैसे मोजून त्याच्या हातात ठेवले.